पेटीच्या क्लासात वसंत देसाईच का?

क्लासात मी सारखी संगीतकार वसंत देसाईंचीच गाणी का शिकवते, असं तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. नौपाड्यात माझ्या पेटीच्या क्लासला नवीन मूल आलं की महिन्याभरात आई नाहीतर आजोबा म्हणतातच, "बाई, सारखे वसंत देसाई का? हल्लीचं काही घ्या की."

मग मी चार मुखडे वाजवते. 'छडी लागे छमछम', 'ऐ मालिक तेरे बंदे हम', 'तेरे सुर और मेरे गीत', 'बोले रे पपीहरा'. संगीतकार किती, ओळखा. कुणी तीन म्हणतं, कुणी चार. एकच, असं अजून कुणी म्हणालेलं नाही.

गोम तिथेच आहे. ओ. पी. नय्यर ठेक्यावरून ओळखू येतात. देसाईंवर असा शिक्का नाही, म्हणून लोक गाणी गुणगुणतात आणि नाव विसरतात. कुडाळकडचा हा मुलगा प्रभात फिल्म कंपनीत पडेल ते काम करत वाढला, पडद्यावरही दिसला. सिनेमाला काय हवंय ते आधी बघायची सवय तिथेच लागली असावी, असा माझा आपला तर्क. १९५५ साली 'झनक झनक पायल बाजे'चं शीर्षकगीत शास्त्रीय गायक उस्ताद अमीर खाँकडून अडाणा रागात गाऊन घेतलं. दोनच वर्षांनी 'दो आँखें बारह हाथ'साठी 'ऐ मालिक' ही अशी प्रार्थना केली, की सूर नसलेल्यालाही म्हणता यावी. 'आशीर्वाद'मध्ये तर 'रेलगाडी' गाण्यात अशोक कुमारांना चक्क आगगाडी करून पळवलंय.

'बोले रे पपीहरा' मात्र मी घाईने शिकवत नाही. राग मियाँ मल्हार. कोमल निषाद, धैवत, लगेच शुद्ध निषाद आणि मग षड्ज. मुलांची बोटं हमखास अडखळतात. गंधाराचं आंदोलन, म्हणजे तो सूर हळूच झुलवणं, तर पेटीवर निघतच नाही, ते गळ्यानेच दाखवावं लागतं. एवढा अवघड राग हिंदीत नव्याने आलेल्या वाणी जयराम यांच्याकडून गाऊन घेतला, आणि त्याच 'गुड्डी'त 'हमको मन की शक्ति देना'ही दिलं. (आम्ही शाळेत ते रोज म्हणायचो. सिनेमातलं आहे हे मला कॉलेजात कळलं!)

गेल्या महिन्यात एक आजोबा अडून बसले. "आमच्याकडे सिनेमाची गाणी नाहीत. सकाळी फक्त सुब्बुलक्ष्मींचं 'मैत्रीं भजत'."

मी म्हटलं, "त्या संस्कृत प्रार्थनेचे शब्द कांचीच्या शंकराचार्यांचे, म्हणजे परमाचार्यांचे. १९६६ साली सुब्बुलक्ष्मींनी ते संयुक्त राष्ट्रांत गायलं. चाल वसंत देसाईंची."

आजोबा काही बोलले नाहीत. नातीचा हात धरून जिन्यापर्यंत गेले. मग तिला तिथेच उभी करून परत आले.

"बाई, नक्की ना?"