घुमणीची दलदल: नकाशा उलटा निघाला

मंडळी, तीन आठवडे गप्प होतो कारण सांगण्यासारखं काही नव्हतं, नुसती चिडचिड होती. मागच्या अपडेटमध्ये मोठ्या रुबाबात घुमणीचा, म्हणजे मी रचतोय त्या काल्पनिक दलदलीचा, 'फायनल' नकाशा टाकला होता ना, तो विसरा. त्यात जिथे पायवाटा दाखवल्यात तिथे डोह निघालेत आणि डोहांच्या जागी वाटा.

कल्पना तीच आहे, रात्री दलदलीखालचा खडक घुमतो, गाळ थरथरतो आणि जिथे खडक हलत नाही त्या शांत रेघांवर गाळ साचून वाटा तयार होतात. म्हणजे सरळ जर्मन शास्त्रज्ञ क्लाड्नीच्या आकृत्या, थरथरत्या पत्र्यावरचे दाणे शांत रेघांवर जमून होतात त्या. त्याने 1787 च्या पुस्तकात छापल्या होत्या तशा, फक्त तो पत्र्याच्या कडेवर व्हायोलिनचा गज ओढायचा आणि मी स्पीकर लावतो. 30 सेंमीचा चौकोनी अ‍ॅल्युमिनियमचा पत्रा, 1 मिमी जाड, मधोमध बोल्ट. पत्र्यावर मीठ टाकून सगळं मस्त चाललं होतं, दाणे शांत रेघांवरच जात होते, हे तुम्ही पाहिलंयच.

मग मला अतिशहाणपणा सुचला. दलदलीत मीठ कुठलं, तिथे असतो बारीक गाळ, म्हणून मिठाऐवजी टाल्कम पावडर टाकली. तीच फ्रिक्वेन्सी, तोच आवाज, आणि पावडर रेघांवर न जाता बरोब्बर उलट, जिथे पत्रा सगळ्यात जास्त हलतो तिथे छोटे छोटे ढीग करून बसली. ढीग पण कसे, आतल्या आत उकळल्यासारखे हलत होते.

मला वाटलं पत्रा वाकडा आहे. लेव्हल लावून बघितलं, सरळच. मग वाटलं बोल्ट ढिला असेल, वॉशर बदलला. मग स्थिर विजेवर संशय घेतला, पत्रा पुसला, पुन्हा पुसला, पावडर बदलली, एक दिवस तर हाताच्या घामाला दोष देऊन ग्लोव्हज घालून काम केलं. प्रत्येक वेळी तेच. आणि यात भर म्हणून ऑनलाइन मागवलेला तो 'हेवी बास' स्पीकर, ज्याच्या बॉक्सवर दमदार आकडे छापलेले होते, दुसऱ्याच आठवड्यात त्याच्या कडेचा रबर सुटला आणि तो फडफडायला लागला. विकणाऱ्याचं उत्तर: "जास्त आवाजात वापरला असेल." अरे बाबा, स्पीकर आहे तो, उशी नाही! शेवटी जुन्या म्युझिक सिस्टिममधला काढून बसवला, तो शंभरपट बरा. टोन जनरेटरचं फुकटचं अ‍ॅपही पैसे भरून घेतलेल्यापेक्षा चांगलं निघालं, पैसेवाल्यात स्लायडर एक हर्ट्झने हलवायला गेलं की दहाने पळतो.

शेवटी वैतागून मीठ आणि पावडर एकत्रच टाकलं. आणि काय सांगू, एकाच पत्र्यावर, एकाच वेळी, मीठ रेघांवर गेलं आणि पावडर मधल्या उसळत्या जागांवर! दोन नकाशे, एकमेकांचे निगेटिव्ह. खुर्चीत बसून दहा मिनिटं नुसतं बघत होतो.

मग वाचायला बसलो तर फॅरडेने 1831 मध्येच हे सोडवून ठेवलेलं. थरथरणाऱ्या पत्र्याजवळ हवेचे छोटे प्रवाह तयार होतात, ते पृष्ठभागालगत उसळत्या जागांकडे वाहतात आणि तिथून वर उठतात. मिठाचा दाणा जड, त्याला हा वारा ढकलू शकत नाही, तो उड्या मारत शांत रेघेवर येऊन थांबतो. हलकी पावडर मात्र वाऱ्यासोबत जाते. हवा काढून घेतली की पावडरसुद्धा रेघांवरच जाते. थोडक्यात माझा पत्रा तीन आठवडे बरोबर होता, मीच चुकत होतो.

लगेच पत्र्याला कडेने सिलिकॉनचा बांध घातला, पाण्याचा पातळ थर ओतला आणि वाळू टाकली. पाण्यात वाळूही पावडरसारखीच उलटी गेली! पाणी हवेपेक्षा कितीतरी जड, त्याचा प्रवाह वाळूलाही ओढून नेतो. (आवाज वाढवला की वरती पाण्याच्याच लाटा उठतात आणि सगळा चिखल होतो, तेव्हा जपून.)

म्हणजे घुमणीला एक नकाशा नाहीच, दोन आहेत. पाणी भरलेलं असताना गाळ गोंगाटाच्या, म्हणजे खडक जास्त हलतो त्या जागी साचणार आणि शांत रेघा खोल होणार. पाणी आटलं की उघडी कोरडी वाळू पुन्हा शांत रेघांवर सरकणार. ओल्यात नावाडी गोंगाट टाळून शांत रेघांनी नाव नेणार, आणि आटल्यावर त्याच रेघांवरून लोक चालत जाणार! होडीची वाट आणि पायवाट एकच. हे मला मुद्दाम ठरवून सुचलं नसतं.

आता हे लिहितालिहिता आकडेमोड केली आणि पुन्हा घोळ. तीच आकृती खडकाच्या मोठ्या पाट्यावर हवी तर फ्रिक्वेन्सी जाडीच्या प्रमाणात वाढते पण लांबीच्या वर्गाने घटते. मी एक किलोमीटरचा सलग, 20 मीटर जाड खडक धरला होता. पत्र्यावरची 500 हर्ट्झची आकृती तिथे जेमतेम 0.9 हर्ट्झला येते (खडकाचा आणि अ‍ॅल्युमिनियमचा ध्वनिवेग साधारण एकाच रेंजमध्ये धरून). हे घुमणं नाही, डुलणं झालं, कान 20 हर्ट्झच्या खाली काही पकडतच नाहीत. नाव 'घुमणी' आणि ऐकू काहीच येत नाही, वा.

पण खडक फोडला तर? 100 मीटरचे, 5 मीटर जाड तुकडे, मध्ये भेगा. मग तोच आकडा 22 हर्ट्झच्या आसपास येतो, म्हणजे कानाला जेमतेम, तळपायाला नक्की. आणि कुठलेच दोन तुकडे सारखे नसणार, प्रत्येकाचा सूर वेगळा, आंधळा नावाडी सुद्धा पायाने सांगेल आपण कुठल्या पाट्यावर आहोत. तेव्हा एक मोठा नकाशा कॅन्सल, आता गोधडीसारखे तुकडे जोडायचे. लहान तुकडे जास्त किनरे वाजणार म्हणून ते कडेला ठेवावेत असं आत्ता वाटतंय, उद्या बदलेलही.

अडकलंय ते भेगांपाशी. एका पाट्याची शांत रेघ शेजारच्या पाट्याच्या शांत रेघेला मिळेलच असं नाही, नाव भेगेवर येऊन गाळात रुतणार. दोन पत्रे शेजारी ठेवून, मध्ये पातळ रबर लावून बघणार आहे. त्याआधी मीठ आणि वाळू वेगळी करायचीय, कारण एका उत्साही क्षणी मी दोन्ही एकाच डब्यात ओतलं.