पाच गुणांचा प्रश्न

‘इंग्रजांच्या विजयाची कारणे लिहा.’ आपल्या शाळेतून बाहेर पडलेल्या प्रत्येकाने हा प्रश्न एकदा तरी सोडवला असेल. उत्तर ठरलेलं: आधुनिक शस्त्रास्त्रे, कवायती फौज, आरमार, आपसांतली दुही, कुशल नेतृत्व. पाच मुद्दे, पाच गुण. सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी मनोगत लिहा असा निरोप आला, तेव्हा आठवणी उगाळण्यापेक्षा तो जुना पेपरच पुन्हा सोडवून बघावा असं वाटलं. आपल्या शाळेला तो सोपा जायला हवा, कारण उत्तर जिथे तपासून घेता येतं ते असई आपल्याच जालना जिल्ह्यात आहे.

पहिला मुद्दा, शस्त्रांचा, मी लाल शाईने खोडतो. एके काळी तो खरा होता, हे मान्य. १७४६ साली मद्रासजवळ अड्यार नदीवर हजारभर फ्रेंच आणि त्यांच्या हाताखालच्या शिपायांनी अर्काटच्या नवाबाची दहा हजारांची फौज उधळून लावली. फ्रेंचांकडे चकमकीची बंदूक होती, समोर तोड्याची. तोड्याच्या बंदुकीला एकसारखी पेटती वात सांभाळावी लागते. चकमकीच्या बंदुकीत चाप ओढला की गारगोटी पोलादावर आपटते आणि ठिणगी रंजकावर, म्हणजे बार पेटवणाऱ्या दारूवर, पडते. कागदी काडतूस दाताने फोडायचं, चिमूटभर दारू रंजकाच्या कानात, झाकण बंद, उरलेली दारू, गोळी आणि कागद नळीत, गजाने ठासायचं, गज परत खोबणीत, घोडा मागे, नेम. तालमीचा शिपाई हे सगळं मिनिटाला दोन-तीनदा करी.

मात्र ही बंदूक फार नेमकी नव्हती. शंभर यार्डांपलीकडे एकटा माणूस टिपणं कठीण, आणि आपली तोड्याची लांब नळीची बंदूक पल्ल्याला उलट सरसच होती. पावसात रंजक ओलं होई. वीस-तीस बारांनंतर गारगोटीची धार जाई. घाबरलेला शिपाई गज नळीतच विसरे आणि गोळीबरोबर तोही उडवून मोकळा होई; मग पुढचा बार ठासणार कशाने? म्हणून सगळा जोर एकट्याच्या नेमापेक्षा रांगेवर होता. शेकडो बंदुका एका हुकुमावर झडल्या पाहिजेत, आणि समोरून घोडदळ अंगावर येत असतानाही रांगेने हात थांबवता कामा नये. हे जमायला वर्षानुवर्षांची कवायत लागते, आणि कवायतीला नियमित पगार लागतो. पगाराकडे पुढे येतोच.

ही विद्या शिकायला आपल्याकडच्यांना फार वर्षं लागली नाहीत. पानिपतावर इब्राहिमखान गारद्याची पलटणं होतीच. महादजी शिंद्यांनी १७८४ मध्ये सॅव्हॉयच्या द बॉयनला चाकरीत घेतलं. सुरुवात दोन पलटणींची. १७९० मध्ये पाटण आणि मेडता या लढायांत त्या फौजेने राजपुतांचं घोडदळ मोडलं, आणि पुढे त्याचे पुरे कंपू, म्हणजे ब्रिगेडी, उभे राहिले. आग्र्याला सँगस्टर नावाच्या स्कॉटिश कारागिराच्या हाताखाली तोफांचा कारखाना चाले. तिथल्या पितळी तोफा इंग्रजी तोफांच्या तोडीच्या होत्या, नळी वर-खाली करायचा स्क्रूसुद्धा त्यांना होता. एवढ्यावरून ‘आपल्याकडे आधुनिक शस्त्रं नव्हती’ हे वाक्य बाद व्हायला हवं, पण गाइडांतून ते काही केल्या जात नाही.

आता असई. २३ सप्टेंबर १८०३. इंग्रजांचा सेनापती आर्थर वेलस्ली नळणी गावाला पोचला तेव्हा त्याच्या कानावर आलं की शिंदे आणि नागपूरकर भोसल्यांची फौज केळणा नदीच्या पलीकडे, भोकरदनपासून असईपर्यंत पसरली आहे. त्याची स्वतःची लढणारी फौज साडेचार हजारांच्या आसपास, शिवाय म्हैसूरचं आणि पेशव्यांचं घोडदळ. स्टीव्हन्सनची दुसरी फौज वेगळ्या वाटेने येत होती आणि गाठ दुसऱ्या दिवशी पडायची होती. समोर पोलमन या हॅनोव्हरच्या जर्मन सेनापतीच्या हुकुमाखाली दहा हजारांहून जास्त कवायती पायदळ, शंभराच्या आसपास तोफा आणि याशिवाय घोडदळाचा समुद्र.

वेलस्ली सरळ समोरून गेला नाही. तो उजवीकडे, पूर्वेला सरकला. वाटाडे म्हणत होते की पुढे नदीला उतार, म्हणजे पायी ओलांडायची जागा, नाही. त्याला दोन काठांवर समोरासमोर दोन गावं दिसली, पिंपळगाव आणि वरूड, आणि त्याने ताडलं की मधे उतार असणारच. इंग्रजी पुस्तकांत या तर्काचं फार कौतुक असतं. आपल्याकडच्या कुठल्याही गुराख्याने हे सांगितलं असतं: समोरासमोर गावं म्हणजे सोयरीक आली, बाजार आला, मग वाट नको? पण वाटाड्यांनी सांगितलं नाही आणि उतारावर पहाराही नव्हता. शंभर तोफांची फौज नदीकाठी बसते आणि कोसाच्या आतल्या उतारावर एक तोफ ठेवत नाही, ही चूक मात्र अक्षम्य.

उतरून तो केळणा आणि जुई या नद्यांच्या मधल्या जिभेसारख्या चिंचोळ्या पट्टीत शिरला. त्याचा हिशेब असा की मराठी फौज दक्षिणेकडे तोंड करून उभी आहे, तिची बगल आपल्याला मिळेल. तो इथे चुकला. पोलमनने पुरी रांग पूर्वेकडे वळवली. उजवं टोक केळणेवर, डावं टोक असई गावाच्या भिंतींशी. दहा हजारांची रांग तोफांसकट, शत्रू समोर असताना, मोडू न देता फिरवायची म्हणजे काय हे कवायत केलेल्यालाच कळेल. इंग्रजांच्या तोफा पुढे आल्या तशा मराठी तोफांनी त्यांचे बैल आणि गोलंदाज आधी टिपले. बैल पडला की तोफ जागीच. शेवटी वेलस्लीने तोफा मागे सोडून पायदळाला संगिनी लावून पुढे जायचा हुकूम दिला. लांबवर गोळे येतात. तीनशे यार्डांच्या आत छऱ्यांचे डबे सुरू होतात, आणि डबा फुटला की एका बारात रांगेत खिंडार. उजव्या बाजूची तुकडी वाट चुकून असई गावाच्या अंगाला भिडली, तिच्यामागून गेलेली ७४ वी पलटण गावातल्या आणि रांगेतल्या तोफांच्या कैचीत सापडली आणि जवळजवळ कापली गेली. इंग्रजी घोडदळ धावलं म्हणून उरलेले वाचले.

मराठी गोलंदाज तोफांपाशी मेले. काही जण मेल्याचं सोंग करून पडून राहिले, इंग्रजांची रांग पुढे गेल्यावर उठले आणि त्याच तोफा फिरवून त्यांच्या पाठीवर बार काढले. इंग्रजांनी तोफांच्या कानांत खिळे ठोकले नव्हते म्हणून हे शक्य झालं. ताब्यात आलेली तोफ आधी खिळवायची, हा धडा त्यांना महागात पडला. इंग्रजांकडचे ४२८ ठार, ११३८ जखमी, १८ बेपत्ता: लढणाऱ्यांतला सुमारे तिसरा माणूस. त्या रात्री पाठलाग करायलाही त्राण नव्हतं.

मग हरलो का? त्या दिवसापुरतं उत्तर असं, की पायदळ आणि तोफखाना झुंजत असताना हजारो घोडेस्वार बाजूला उभे राहिले आणि दौलतराव शिंदे व रघूजी भोसले दोघेही मैदानातून निघून गेले. त्या दिवसापलीकडचं उत्तर शोधायला रणांगण सोडून कारकुनांच्या फडात जावं लागतं.

आधी अंमलदार. कंपूचे वरचे हुद्देदार युरोपीय. गावोगावचे फ्रेंच, जर्मन, इंग्रज आणि इथेच जन्मलेले मिश्र वंशाचे. चाकरी पैशाची, पगार सरंजामी जायदादीच्या, म्हणजे फौजेच्या खर्चासाठी नेमून दिलेल्या मुलखाच्या, वसुलीतून. १८०३ च्या ऑगस्टअखेर गव्हर्नर जनरलने जाहीरनामा काढला: शिंद्यांची चाकरी सोडा, कंपनी तुमची पगाराची सोय करील. लोक फुटू लागले. ४ सप्टेंबरला अलीगढचा किल्ला पडला, तेव्हा दरवाजापर्यंतची वाट दाखवणारा ल्यूकन नावाचा अंमलदार शिंद्यांकडूनच फुटून आलेला होता. शिंद्यांच्या कंपूंचा सरसेनापती पेराँ त्याच आठवड्यात स्वतःला सांभाळून इंग्रजांच्या छत्राखाली लखनौकडे चालता झाला. पलटण उभी, तोफा उभ्या, हुकूम देणारा गेला. आपल्या लोकांना त्या हुद्द्यांवर चढवायचं काम शिंद्यांनी वीस वर्षांत केलं नव्हतं, त्याची किंमत एका महिन्यात मोजावी लागली. एवढं होऊनही १ नोव्हेंबरला लासवारीला उरलेल्या पलटणी अशा लढल्या की इंग्रज सेनापती लेकला विजय फार महाग पडला.

मग बैल. हा मुद्दा कुठल्याच उत्तरपत्रिकेत नसतो. दहा हजार तोंडांना दिवसाला शेरभर धान्य धरलं तर दहा हजार शेर, म्हणजे अडीचशे मण. बैलाच्या पाठीवर दोन मणांची गोण, म्हणजे एका दिवसाला सव्वाशे बैल; महिन्याला पावणेचार हजार. यात दारूगोळा नाही, तंबू नाहीत, आणि शिपायांच्या कैक पट असणारे बाजारबुणगे तर नाहीतच. बैल रोज चरायला वेळ मागतो, खूर झिजले की बसतो, आणि फौज एका जागी थांबली की आसपासचा चारा संपतो.

याच हिशेबात इंग्रज १७७९ मध्ये वडगावला बुडाले होते. मुंबईहून सुमारे ३,९०० माणसं आणि तब्बल १९,००० बैल घेऊन बोरघाट चढले, हुकूम एकाचा नव्हे तर कमिटीचा, आणि वर आल्यावर चाल दिवसाला जेमतेम मैलभर. कार्ल्याला इष्टूर फाकडा, म्हणजे कॅप्टन स्टुअर्ट, पडला. तळेगावला पोचले तर गाव जाळून मोकळं केलेलं, दाणा नाही, वैरण नाही. ११ जानेवारीच्या रात्री अवजड तोफा तळ्यात ढकलून मागे फिरले आणि वडगावला कोंडले जाऊन तहावर आले. बंदुका तेव्हाही त्याच होत्या बरं का.

चोवीस वर्षांनी वेलस्ली आला तो हे सगळं गिरवून. १७९९ मध्ये टिपूचं राज्य बुडालं तेव्हा म्हैसूरचे अमृतमहाल जातीचे जनावरांचे कळप कंपनीला मिळाले होते; तोफा ओढायला आणि भराभर चालायला तसा बैल नाही. लमाणांच्या तांड्यांना रोख पैसे देऊन धान्य मागे-पुढे खेळतं ठेवलं. वाटेवरच्या गावांत लूट केली तर कडक शिक्षा, कारण लुटलेलं गाव दुसऱ्यांदा दाणा विकत नाही. नद्या उतरायला कातडं मढवलेल्या टोपलीसारख्या नावा करून ठेवल्या. आपल्याकडे मोहीम दसऱ्यानंतर निघायची. त्याने ऑगस्टात, भर पावसाळ्यात, नगर घेतलं. नद्या भरलेल्या असल्या की हलकं मराठी घोडदळ अडतं आणि नावावाला पार होतो, हे त्याने जाणून घेतलं होतं. दख्खनेत त्याच सुमारास दुष्काळ पडला; आयतं धान्य मिळण्याची आशा दोन्ही बाजूंना नव्हती, फरक वाहतुकीचा होता.

आणि या सगळ्याच्या मुळाशी पैसा. कंपनीच्या शिपायाला महिना सहा-सात रुपये. रक्कम काही मोठी नव्हे, पण ती मिळे. आपल्याकडे रोजमुरा, म्हणजे शिपायांचा पगार, तुंबायचा, मग शिपाई धरणं धरायचे, सरदार सावकाराकडे धावायचा, सावकार पुढच्या सालचा वसूल लिहून घ्यायचा. कंपनीही कर्जावरच लढत होती, हे लक्षात घ्या. पण १७६५ पासून बंगालची दिवाणी तिच्याकडे, म्हणजे व्याज फेडायला दरसाल येणारा महसूल होता. त्यामुळे बनारसचे सराफ आणि सुरतेचे अर्जुनजी नाथजी त्रवाडी यांच्यासारखे पेढीवाले तिच्या हुंड्या वटवत. आपलेच सावकार, आपलाच पैसा. त्यांना फितूर म्हणायचं तर म्हणा, पण ज्याचं कर्ज बुडत नाही त्याला पेढीवाला उधार देतो. पेशव्यांनी तर पुढची पायरी गाठली. ३१ डिसेंबर १८०२ च्या वसईच्या तहाने सहा हजारांची तैनाती फौज आली आणि तिच्या खर्चासाठी २६ लाखांचा मुलूख गेला. स्वतःच्या छातीवर बसणाऱ्याचा पगार स्वतःच द्यायचा!

आरमाराच्या मुद्द्याला अर्धा गुण. समुद्रावर युरोपियांचा वरचष्मा खराच, पण १७५६ साली विजयदुर्गात आंग्र्यांचं आरमार जळलं तेव्हा इंग्रजांच्या जोडीला पेशव्यांचीच फौज होती. दुहीलाही पूर्ण गुण देववत नाहीत. दुही होती, १८०३ मध्ये यशवंतराव होळकर बाजूला बसले. पण एकट्याने लढल्यावर १८०४ मध्ये त्यांनी इंग्रजांच्या कर्नल मॉन्सनला मुकुंदऱ्यापासून आग्र्यापर्यंत पळवला, आणि १८०५ मध्ये भरतपूरच्या मातीच्या तटावर लेकचे चार हल्ले फुटून तीन हजारांवर माणसं गमावली गेली. तरीही वर्ष संपता संपता तह झाला, कारण कंपनीला पाचवा हल्ला परवडणारा होता आणि होळकरांना दुसरा हंगाम नव्हता.

शाळेची सहल असईला न्यायची असेल तर सप्टेंबरातच न्या, केळणेला पाणी असताना. आधी पिंपळगाव-वरूडच्या उतारावर थांबा, मग मुलांना घड्याळ लावून असई गावापर्यंत चालवा. उजवीकडे जुई, डावीकडे केळणा. दोन्ही नद्यांच्या मधली पट्टी डोळ्यांनी मोजा. इंग्रज उतरून, रांग धरून पुढे सरकेपर्यंत पोलमनने याच पट्टीवर दहा हजार माणसं आणि त्यांच्या तोफा दक्षिणेकडून पूर्वेकडे फिरवून उभ्या केल्या होत्या.