दादाच्या मुंजीची कॅसेट

शनिवार, रात्री उशिरा

आज एकदाची दादाच्या मुंजीची कॅसेट बघून झाली. मे १९९३, चिपळूण, आजोळचं अंगण. कॅसेटला पांढरी बुरशी आलेली, कोकणातली हवा, दुसरं काय होणार, आणि तशीच घातली तर व्हीसीआरचं हेड खराब होतं न् पुढच्या कॅसेटलाही बुरशी लागते म्हणून आधी साफ करून घेतली. मुळात चालू व्हीसीआर मिळायचीच मारामार, बनवणारी शेवटची उरलेली कंपनी जपानची फुनाई, तिनेही २०१६ मध्ये बंद केले आणि विषयच संपला. डिजिटल करायला शॉर्टकट पण नाही, तीन तासांची कॅसेट तीन तास चालवायचीच. बरंच झालं, नाहीतर मी पळवत पळवतच बघितली असती.

तर आई. मुंज तिच्या मुलाची, पण तिला शोधावं लागतं. व्हिडिओवाल्याने आत्याचे दागिने, काकांचा फेटा, लाडवांची परात सगळं मनसोक्त काढलंय, आई मात्र कडेकडेने जाते, हातात कायम काहीतरी, पातेलं, विड्यांचं तबक, कुणाचं तरी रडणारं पोर (ते मी). हॅलोजन तोंडावर आला की पदर सारखा करून बाजूला.

आणि मग मातृभोजन. आई आणि दादा एका ताटात, शेजारी अष्टवर्गाचे बटू, म्हणजे आधीच मुंज झालेली मुलं. अख्ख्या कॅसेटमध्ये आई बसून जेवताना एवढीच दिसते, तेही शास्त्रात आहे म्हणून! दादाला घास भरवते, स्वतः भराभर दोन खाते, लक्ष सगळं स्वयंपाकघराच्या दाराकडे. मग तिकडे बघून काहीतरी बोलते आणि जी काय हसते ना, तोंडात घास असताना, अशी हसलेली मी तिला कधी बघितलीच नाहीये. काय बोलली ते कळत नाही कारण त्या माणसाने नंतर सगळ्यावर सनई चढवलीय. तीन तासांत माणसाचा एक शब्द नाही. डोकंच फिरलं माझं.

तेवढी क्लिप आईला व्हॉट्सअ‍ॅपवर टाकली, लगेच फोन. पहिलं वाक्य, "अगं ती साडी काकूची." म्हटलं ते राहू दे, बोलत काय होतीस? "काय माहीत, भात उतरवा म्हटलं असेन." भात उतरवा म्हणताना कोण असं हसतं? जरा थांबून म्हणाली, "दारात माई असणार. ती समोर असली की मला हसूच यायचं."

माईमावशी जाऊन खूप वर्षं झाली, आणि ह्या शूटिंगमध्ये ती नेमकी कॅमेऱ्याच्या बाहेर. तिच्या लग्नाची कॅसेट मावसभावाकडे आहे म्हणे. उद्या फोन करते त्याला. सनई नसली म्हणजे मिळवली.