तुम्ही विचारलंत म्हणून: कुत्र्याच्या तोंडाला वास येतो, काय लावू?

सारंगखेड्याच्या बाजारात घोडा घ्यायचा तर आधी त्याचं तोंड उघडून दात बघतात. घरच्या कुत्र्याचं तोंड मात्र वास सुटेस्तोवर कुणी उघडत नाही. लावायचं नंतर बघू. आधी त्याचा ओठ वर करा.

सुळ्याच्या मागे, वरच्या जबड्यात सगळ्यात मोठी दाढ दिसेल. लाळेची नळी तिच्याजवळच उघडते, म्हणून किटण तिथे आधी धरतं. जंतूंचा चिकट थर दातावर बसतो आणि लाळेतल्या क्षारांनी दोन-तीन दिवसांत त्याचा दगड होतो. थर ब्रशने निघतो, दगड नाही. हिरडीची कड नुसती लाल, सुजलेली असेल तर ती पूर्ववत होते. दाताभोवतीचं हाड झिजलं की ते परत येत नाही.

लोक दिसणारा पिवळा दगड नखाने खरवडतात. रोग असतो हिरडीच्या आत. म्हणूनच सफाई भूल देऊन करतात, आधी रक्त तपासून. हिरडीखालचं किटण काढायचं, दाताभोवतीची खाच मोजायची (कुत्र्यात साधारण 3 मिमीपर्यंत ठीक), एक्स-रे आणि शेवटी पॉलिश. पॉलिश टाळलं तर खरखरीत दातावर थर लवकर बसतो. भूल न देता ‘चकाचक’ करून मिळतं ती निव्वळ रंगसफेदी.

घरी ब्रश रोज. पहिला आठवडा ओठाखाली नुसतं बोट फिरवा, मग पेस्ट चाटू द्या, मग लहान मुलांचा मऊ ब्रश. तो हिरडीच्या कडेला 45 अंशांत तिरका धरायचा, बाहेरची बाजू घासली तरी पुरे. पेस्ट जनावरांचीच: कुत्रा थुंकत नाही, आणि आपल्या काही पेस्टमधलं झायलिटॉल (गोडव्यासाठी घातलेला साखरेचा पर्याय) त्याला विषासारखं आहे. मशेरी तर अजिबात नको, तंबाखूच ती!

कळण्याची कडक भाकरी चावून दात घासले जातात, हाही गैरसमजच. हाडाचं तर उलटंच: नख दाबून ज्यावर खूण उमटत नाही, त्याने तीच मोठी दाढ तडकते. मग डोळ्याखाली सूज येते, गोळ्यांनी बसते, गोळ्या संपल्या की पुन्हा येते. दाढ काढल्याशिवाय किंवा तिचं रूट कॅनल केल्याशिवाय ही सूज जात नाही.