काळं पान

जूनचा शेवटचा आठवडा होता. शाळा सुरू होऊन दहा दिवस झाले होते आणि त्यातले निम्मे दिवस वीज नव्हती. मालवण तालुक्यात खाडीच्या कडेला आमची द्विशिक्षकी शाळा. पहिली ते चौथी मिळून सतरा पोरं. दुसऱ्या गुरुजींना मीटिंग असली की सतराच्या सतरा माझ्या पदरात. त्या दिवशी तसंच होतं. कौलांवर पाऊस असा कोसळत होता की फळ्यापाशी बोललेलं मागच्या भिंतीपर्यंत पोचेना. सगळ्यांना सतरंजीवर जवळ ओढलं आणि नव्या खोक्यातलं चित्रांचं मोठं पुस्तक काढलं. बी, ऊन आणि रोपट्याची गोष्ट. परदेशी पुस्तकाचा अनुवाद, गुळगुळीत कागद, चित्रं खरंच देखणी.

पहिल्याच पानावर बर्फ. बर्फाखाली बी झोपलेलं. पहिलीतला एक बारका म्हणाला, "बाईनू, बर्फ माशांर घालतत. बियार कित्याक घातलो?"

त्याचा बाबा बंदरावर कामाला. बर्फ त्याला माहीत आहे तो बांगड्यांवर फोडून टाकलेला. थंड मुलखात असं असतं, एवढं सांगून मी पान उलटलं. (सफरचंदाचं बी काही आठवडे ओल्या थंडीत राहिल्याशिवाय रुजत नाही, तेव्हा पुस्तकातला बर्फ काही उगाच नव्हता.) पुढच्या पानावर वसंत ऋतू आणि जिकडेतिकडे हिरवे कोंब. आमच्याकडे चैत्र-वैशाखात कातळावर पाय टेकवत नाही. इथे जे काही रुजायचं ते मिरगाच्या पावसात. मी तेही पान घाईने उलटलं.

मग आला हसरा सूर्य. तो बियाला किरणांनी गुदगुल्या करतो आणि बी जागं होतं. खाली मोठ्या अक्षरात: उन्हाशिवाय बी रुजत नाही.

"बाईनू, बियाक ऊन नको." तिसरीतली एक मुलगी. एरवी तोंडातून शब्द न काढणारी.

"का गं?"

"काळोखात रुजता. आमच्या माळ्यार रुजता."

मी काय केलं असेल? तेच, जे बारा वर्षं करत आले. "पुस्तकात लिहिलंय ना? नीट बस." एवढ्यावर न थांबता फळ्यावर लिहिलं: बी रुजण्यासाठी पाणी, हवा, माती, ऊन. पोरांनी उतरवून घेतलं. तिनेही घेतलं.

मधल्या सुट्टीत व्हरांड्याच्या टोकाला गेले. पोषण आहार शिजवणाऱ्या काकी चुलीपाशी डबा उघडत होत्या. झाकण काढलं, आत फडक्यात घट्ट बांधलेली मटकी. गाठ सोडली तर अर्ध्या बोटाएवढे पांढरे मोड. रात्रभर बंद डब्यात, ना ऊन, ना माती.

मी घाटावरची. माझ्या माहेरी आठवड्यातून दोनदा उसळ. फडकं पिळून गाठ मारण्याचं काम लहानपणापासून माझ्याकडे. डी.एड. झाले, शिकवायला लागले, आणि ती गाठ आणि फळ्यावरचं ते वाक्य कधी एका जागी आलंच नाही. लाज वाटली, खोटं कशाला सांगू.

मुलीला हाक मारली आणि म्हटलं, "तुझंच बरोबर दिसतंय. काळोखात काय रुजतं ते दाखवशील?" तिने खिचडीची ताटली तिथेच ठेवली आणि भर पावसात घराकडे पळाली. घर व्हाळापलीकडेच, म्हणून मी ओरडले नाही.

परत आली ती आजीला घेऊन. आजीच्या डोक्यावर खोळ, काखेत गोणपाटाचं गाठोडं. दारातच थबकली, पाय चिखलाचे म्हणून. मी म्हटलं, या आत. तिने गाठोडं सतरंजीवर न ठेवता शहाबादी फरशीवर ठेवलं आणि गाठ सैल केली.

"बाई, हात घाला."

घातला आणि पटकन काढला. आत गरम होतं. ताप आलेल्या पोराच्या कपाळासारखं. बाहेर इतका गारठा की पोरं एकमेकांना चिकटून बसलेली, आणि या ओल्या पोत्याच्या पोटात ऊब.

"जीव इलो काय ऊब सुटता," आजी म्हणाली.

ते रहूचं भात होतं. पाऊस धरून बसला आणि धूळवाफेवर, म्हणजे कोरड्या मातीत, पेरायची संधी गेली की बियाणं भिजवून, मोड आणून, चिखलणी केलेल्या वाफ्यात फेकतात. "एक दिस-रात भिजयलंय, निथळलंय, गोणपाटात बांधलंय आनी वर दगड ठेयलंय." आजी बोटं मोजत सांगत होती. "उद्या पेरूक व्हया." मी विचारलं, उन्हात ठेवलं तर? तिने माझ्याकडे असं पाहिलं की मी पुन्हा पहिलीत. "सुकान मरतले मोड."

मग तिने चार दाणे नखाने सोलून माझ्या तळहातावर ठेवले. चावले. गोड! पोरांनी हात पुढे केले, सगळ्यांच्या वाट्याला दोन-दोन दाणे. इथे मात्र मला शिकवता आलं. दाण्यात पिठाची शिदोरी असते, पाणी लागलं की तिची साखर व्हायला लागते आणि तीवर कोंब जगतो. श्वासही घेतो, म्हणून ती ऊब. फणसाच्या आठळीची शिदोरी गलेलठ्ठ. तंबाखूसारख्या धुळीएवढ्या बियाची इतकी कमी की ते उजेड मिळाल्याशिवाय रुजायचं धाडसच करत नाही. म्हणजे पुस्तक काही बियांपुरतं खरं होतं. भात, मटकी, आठळी यांना हवं पाणी, हवा आणि ऊब.

"मग ऊन कित्याक?" चौथीतला एक. प्रश्न वाजवी होता आणि आजी निघून गेली होती.

दोन करवंट्यांत चिखल घालून मोड आलेलं भात पेरलं. एक खिडकीत, दुसरी ऑफिसच्या कपाटात घमेल्याखाली. आठव्या दिवशी कपाटातली रोपं खिडकीतल्यांपेक्षा उंच निघाली. पोरं गोंधळली. पण ती पिवळी, दोऱ्यासारखी, एकमेकांच्या अंगावर पडलेली. शिदोरी संपेपर्यंत उजेड शोधत नुसती लांबत गेलेली. खिडकीतली बुटकी, हिरवी, ताठ.

मोठ्यांना मी व्हॅन हेल्माँट नावाच्या जुन्या शास्त्रज्ञाची गोष्ट सांगितली. त्याने कुंडीत २०० पौंड माती तोलून भरली, ५ पौंडांचं विलोचं रोप लावलं आणि पाच वर्षं फक्त पाणी घातलं. झाड झालं १६९ पौंडांचं, माती कमी झाली अवघी २ औंस. मग झाड आलं कुठून? तो म्हणाला पाण्यातून. त्याचं हे लिखाण १६४८ साली छापलं गेलं. हवेचा आणि उजेडाचा हिशेब त्याला लागला नव्हता. १७७९ साली इंगेनहाऊझ या दुसऱ्या शास्त्रज्ञाने दाखवलं की पाण्यात बुडवलेली हिरवी पानं उन्हात बुडबुडे सोडतात आणि काळोखात ते थांबतात. उघडीप मिळाली त्या दिवशी तळीतलं शेवाळ काचेच्या बरणीत घालून पायरीवर ठेवलं. पोरं बुडबुडे मोजत उकिडवी बसली होती. साठानंतर भांडणं लागली.

पुस्तकाचं काय करायचं, हा प्रश्न त्या मुलीनेच सोडवला. तिचं म्हणणं, सूर्याच्या आधीचं एक पान राहिलंय. काकींच्या चुलीतला कोळसा घेऊन एकाने अख्खा कागद काळा केला. मध्ये तिने खडूने दाणा काढला, दाण्यातून खाली मूळ. खळ लावून ते पान सूर्याच्या आधी चिकटवलं. सूर्याखालचं "रुजत" खोडून वर "वाढत" लिहिलं. पेन्सिलीने, कारण पुस्तक सरकारी.

एकदा वाट फुटल्यावर थांबतात कुठे! बर्फवाल्या बारक्याने खाडीतून कांदळाच्या, म्हणजे खारफुटीच्या, हातभर हिरव्या शेंगा आणल्या. शेंग कसली, रोपच ते. कांदळाचं बी झाडावर असतानाच रुजतं आणि मग रोप होऊन चिखलात पडतं, नाहीतर भरतीबरोबर तरंगत जातं. आमच्या पुस्तकातलं बी आधी जमिनीवर पडतं, मग रुजतं. म्हणजे आणखी एक पान. मग पाण्याच्या टाकीमागे विसरलेल्या नारळाचं, तिथेच कोंब फुटलेल्या. मिरगाचं पान बर्फाच्या समोर लावायचं की बर्फावरच, यावरून दोन दिवस अबोला होता. शेवटी समोर लावलं. बर्फ बारक्याला आवडतो.

पुस्तक आता मिटत नाही, सुतळीने बांधून ठेवावं लागतं. साठा नोंदवहीत त्याची पानं २४ लिहिलेली आहेत. मी बाजूला पेन्सिलीने ३१ लिहून ठेवलंय. फणसाचं पान अजून चुलीपाशी वाळतंय.