आत्याच्या जन्माची नोंद : जात पडताळणीचा माझा अनुभव

बाकी सगळे कागद महिन्याभरात जमले. सात महिने गेले ते एका ओळीपायी : "शोध घेतला असता सदर नोंद आढळून येत नाही." हे उत्तर मला सही-शिक्क्यानिशी मिळालं तेव्हा त्या कार्यालयात जुन्या दप्तराचा एकही रुमाल, म्हणजे कापडात बांधलेला गठ्ठा, उघडून पाहिलेला नव्हता. हे मला पुढे कळलं. तो राग अजून गेलेला नाही, म्हणून लिहायला बसलो.

मुलीला फार्मसीला जायचं होतं. आम्ही तेली, म्हणजे ओबीसी. जात वैधता प्रमाणपत्रासाठी 13 ऑक्टोबर 1967 पूर्वीचा पुरावा लागतो. वडिलांचा शाळेचा दाखला 1954 चा, त्यामुळे मी निर्धास्त होतो. शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरचा उतारा हातात आला आणि जातीच्या रकान्यात निघालं "हिंदू चौधरी". खानदेशात चौधरी तेल्यांतही आहेत आणि लेवा पाटलांतही. गुरुजींनी आडनाव हीच जात म्हणून लिहून टाकली होती. घरामागे आजोबांच्या घाण्याचं उखळ अजून पडलेलं आहे, गावात म्हातारी माणसं आमच्या तेलाची आठवण काढतात, पण उखळ काही अर्जाला जोडता येत नाही.

तुमच्याही दाखल्यावर असं काही असेल तर वेळ न घालवता गाव नमुना 14 मागा. यालाच कोतवाल बुक म्हणतात. गावातल्या जन्ममृत्यूची खबर कोतवाल आणायचा, तिची नोंद व्हायची, आणि त्यात जातीचा रकाना असायचा. आमची थोरली आत्या "चले जाव"च्या धामधुमीत जन्मली असं घरात सगळे सांगत. म्हणून मी 1942 साल धरलं.

आणि इथेच अडकलो. आमचा तालुका मागाहून वेगळा झालेला. नव्या तालुक्याचे लोक म्हणाले, जुनं दप्तर जुन्या तालुक्याला. तिथले म्हणाले, तुमच्या गावाचं सगळं तिकडे पाठवलं. एसटीने मी अकरा खेपा केल्या. कधी रेकॉर्डचे साहेब रजेवर, कधी किल्ली दुसऱ्याकडे, कधी निवडणुकीचं काम. एकदा सांगितलं, "एवढं जुनं काय राहणार, वाळवी लागली असेल." असेल! पाहिलं नव्हतं, असेल म्हणाले. आणि पाचव्या महिन्यात वर सांगितलेली ती ओळ हातात दिली. त्या दिवशी स्टँडवर बसून माझ्या डोळ्यांत पाणी आलं. मुलीच्या प्रवेशाची तारीख जवळ येत होती आणि माझ्या आज्याची जात कोण ते मी अनोळखी माणसाला पटवून देऊ शकत नव्हतो.

त्या खेपांमध्ये वाट बघत असताना मी खानदेशचा इतिहास वाचायला लागलो. 1818 मध्ये खानदेश इंग्रजांकडे गेला. मग सारा, म्हणजे जमिनीचा कर, ठरवायला जमिनीची मोजणी आली. 1852 साली सावदा, फैजपूर, एरंडोल पट्ट्यातल्या शेतकऱ्यांनी त्या मोजणीविरुद्ध उठाव केला, सरकारला फौज आणावी लागली. मोजणीची साखळी आणि वही यांचं भय त्या माणसांना बरोबर कळलेलं होतं. पुढे जमीन महसूल कायदा 1879 चा, जमिनीची हक्कनोंदणी 1903 ची, अँडरसन नावाच्या गोऱ्या अधिकाऱ्याच्या मॅन्युअलमधून आलेले गावनमुने, आणि दर दहा वर्षांनी जातवार खानेसुमारी, म्हणजे जनगणना. जातवार संपूर्ण आकडे छापले गेलेली शेवटची गणना 1931 ची. सारा वसूल करायला, माणसांवर नजर ठेवायला काढलेले हे रकाने. त्याच रकान्यात आज माझ्या मुलीचा हक्क अडकलाय. सत्ता गेली, तलाठ्याचे नमुने राहिले, आणि शेजारच्या दहा माणसांच्या शब्दापेक्षा आजही त्या वहीचं वजन जास्त. मला हे सलतं. वही नको असं मी म्हणत नाही, तिच्यामुळेच माझं काम झालं. पण जे दप्तर माणसाचं भवितव्य ठरवतं, ते उघडून पाहायचे कष्ट तरी सरकारने घ्यावेत.

वाट सुटली ती माहितीच्या अधिकारामुळे. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, एकच विषय, दीडशे शब्दांच्या आत. "नक्कल द्या" एवढंच लिहू नका, "मला अभिलेखांची पाहणी करायची आहे" असं लिहा, कारण पाहणीचा हक्क कायद्यातच आहे. मी ते लिहिलं आणि तीस दिवसांच्या आत पाहणीची तारीख मिळाली.

खोलीत एक म्हातारे शिपाई होते, सगळे त्यांना नाना म्हणत. त्यांनी विचारलं, "भाऊ, तुना आजानं नाव काय शे?" मी नाव सांगितलं, गाव सांगितलं. ते सरळ कोपऱ्यातल्या मांडणीकडे गेले, लाल रुमालात बांधलेला गठ्ठा काढला. गावाचं नाव वर लिहिलेलंच होतं. वाळवी नव्हती. नानांचे मी पाय धरले.

आतली पानं मोडी लिपीत. हे आधीच सांगायला हवं होतं : जुन्या नोंदी मोडीत निघाल्या तर लिप्यंतर जाणकार मोडी वाचकाकडून, त्याच्या सही-शिक्क्यासह करून घ्या, आणि मूळ पानाची प्रमाणित नक्कल सोबत लावा. मी धुळ्याला गेलो. इतिहासाचार्य राजवाडे ज्या गावात शेवटी राहिले, तिथे मोडी वाचणारं माणूस मिळेल अशी आशा होती आणि मिळालं. बाईंनी भिंगाखाली पान धरून वाचलं : बापाचं नाव, मुलगी, जात तेली.

आणखी एक. जुन्या नकलेवर जिल्हा "पूर्व खानदेश" असतो. पडताळणीत मला विचारलं, हा कुठला जिल्हा? 1906 मध्ये खानदेशचे पूर्व आणि पश्चिम असे दोन भाग झाले, 1960 मध्ये पूर्व खानदेशाचं जळगाव झालं, हे मी अर्जासोबत लिहून दिलं. तुम्हीही द्या, एक खेप वाचेल. आणि मूल अकरावीत असतानाच सुरुवात करा. आमचं प्रमाणपत्र मुदतीच्या आठ दिवस आधी आलं.

लिप्यंतर घेऊन मी पहिल्यांदा आत्याकडे गेलो. तिच्या आधारवर 1 जानेवारी आहे, कोणीतरी अंदाजाने टाकलेली. मी वाचून दाखवलं : 19 ऑगस्ट 1942. ती थोडा वेळ बोलली नाही. मग म्हणाली, माय सांगायची, तू झाली तेव्हा कपाशी फुलावर होती. आणि भिंतीवरचं कॅलेंडर काढून माझ्या हातात दिलं, त्या तारखेला गोल कर म्हणाली.