तुम्ही विचारलंत म्हणून: रिपोर्टात विष का येत नाही

प्रश्न ठरलेल्या वळणानंच येतो. आधी "तुम्ही नोकरीला कुठं होता?", मग "म्हणजे ते टीव्हीवर दाखवतात तसलं?", आणि मी फॉरेन्सिक लॅबच्या विषशास्त्र विभागात होते हे कळलं की खरा प्रश्न: "आमच्या ओळखीत एक केस झाली. मुलगी विषानंच गेली, सगळ्या गावाला माहीत. रिपोर्टात मात्र विष नाही. मॅनेज होतं का हो तिथं?" विचारणारे बहुधा नात्यातलेच असतात आणि वाईट हेतूनं विचारत नाहीत. मी "तसं नसतं ओ" म्हणून विषय बदलत आले. निवृत्त झाले तरी प्रश्न काही निवृत्त होईना. म्हणून हे एकदाच सगळं.

पैसे घेणारा माणूस सरकारी खात्यात नसतोच, असं मी म्हणणार नाही. सगळी नोकरी सरकारात काढली आहे, एवढी भाबडी नाही मी. पण "विष आढळून आले नाही" असं लिहिलेले जे रिपोर्ट माझ्या हातून गेले, त्यातल्या बहुतेकांचा निकाल बरणी आमच्या दारात येण्याआधीच लागलेला होता. त्यासाठी कुणाला पाकीट द्यायची गरज नव्हती.

व्हिसेरा, म्हणजे शवविच्छेदनात तपासणीसाठी काढून ठेवलेले अवयव, हे बातम्या वाचून तुम्हाला पाठ झालंय. बरणीत काय येतं तेवढं सांगते. जठर आणि त्यातला ऐवज, लहान आतड्याचा तुकडा, साधारण अर्धा किलो यकृत, दोन्ही मूत्रपिंडांचा अर्धा-अर्धा भाग, थोडं रक्त. रक्त सोडून बाकी सगळं मिठाच्या संपृक्त द्रावणात. बरणी गळ्यापर्यंत भरायची नाही, कारण आत वायू धरतो. फॉर्मॅलिन हे सूक्ष्मदर्शकाखाली पेशी बघणाऱ्यांसाठी, आमच्यासाठी नव्हे. तरी फॉर्मॅलिनमधल्या बरण्या येतातच. कधी नुसती चिठ्ठी येते: 'विषप्रयोगाचा संशय'. कुठलं विष, किती वेळ जगला, उपचार काय झाले, काही नाही. मग अंदाजानं सुरुवात करायची.

धान्यात टाकायच्या गोळीचं उदाहरण घ्या. ॲल्युमिनियम फॉस्फाइड. पोटात ओल लागली की तिचा फॉस्फिन वायू होतो, आणि वायू सैल झाकणातून निघून जातो. त्याच्या चाचणीत तो ऐवज चंबूत गरम करून चंबूच्या तोंडावर दोन कागद धरायचे: एक सिल्व्हर नायट्रेटमध्ये भिजवलेला, दुसरा लेड ॲसिटेटमध्ये. सडलेल्या मांसातून हायड्रोजन सल्फाइड निघतो, त्यानंही सिल्व्हर नायट्रेटचा कागद काळा पडतो. पण त्यानं लेड ॲसिटेटचाही पडतो, फॉस्फिननं पडत नाही. म्हणजे एक काळा आणि एक पांढरा राहिला, तर गोळी. दोन्ही काळे झाले तर सडकं मांस बोलतंय की विष की दोन्ही, याच्यामागं पुढचा दिवस. हे मी अशासाठी सांगतेय, की 'मशीनमध्ये घातलं की नाव येतं' असं तुम्हाला वाटतं. मशीन आहे, गॅस क्रोमॅटोग्राफ आहे, मास स्पेक्ट्रोमीटर आहे. पण त्यात जाण्याआधी कुणीतरी यकृत बारीक करून, द्रावकात घोळवून, गाळून, आटवून दिलेलं असतं. आणि सापाचं विष असल्या नेहमीच्या तपासणीत दिसतच नाही.

सगळ्यात मोठं कारण मात्र उपचार. कीटकनाशक प्यालेल्या माणसाला दवाखान्यात आणलं की आधी नळी घालून पोट धुतात. ते पहिलं पाणी जपून ठेवावं, असं शिकवलेलं असतं. रात्री दोन वाजता एकटा डॉक्टर पेशंट वाचवेल की पाणी जपेल? ते मोरीत जातं. पेशंट चार-सहा दिवस जगला तर उरलेलं विष शरीरच फोडून बाहेर टाकतं, जाता जाता माणसाला मारून. मग बरणीत येतं ते धुतलेलं जठर. त्यात आम्हाला काही दिसलं नाही, तर आम्ही तसं लिहितो. यात कुणी चोर आहे का?

हे एवढं मी एका माणसाला सांगितलं होतं. लॅबच्या फाटकाबाहेर, चहाच्या टपरीशेजारी.

मराठवाड्यातल्या खेड्यातला माणूस, कापसाची शेती. मुलगी लग्नानंतर दोन वर्षांनी गेली होती. दवाखान्यात आणली तेव्हा तोंडाला फेस, डोळ्यांच्या बाहुल्या टाचणीच्या डोक्याएवढ्या. ऑर्गॅनोफॉस्फरस जातीच्या कीटकनाशकाची खूण ती. पोट धुतलं, त्यावरचं औषध ॲट्रोपिन दिलं, सहाव्या दिवशी गेली. माहेरचे म्हणत होते पाजलं, सासरचे म्हणत होते फवारणी करताना अंगावर गेलं. आमच्याकडं बरण्या आल्या, सील जुळलं, चाचण्या झाल्या, काही निघालं नाही, रिपोर्ट गेला. माझ्या सहीचा. नातेवाइकांनी लॅबमध्ये यायचं नसतं, आम्ही त्यांना भेटायचं नसतं. फाटकावरचा शिपाई वर येऊन म्हणाला, म्हातारा सकाळपासून बसलाय, उठतच नाही. म्हातारा नव्हता. पन्नाशीचा असेल.

बियाण्याच्या पिशवीतून त्यानं रिपोर्टची झेरॉक्स काढली. "ह्याच्यात इख नव्हतं आसं लिवलंय का?" मी म्हटलं, भाऊ, नव्हतं असं नाही लिहिलेलं, आम्हाला मिळालं नाही असं लिहिलंय. तो बघत राहिला. मग मी ते पोट धुण्याचं, सहा दिवसांचं सगळं सांगितलं. त्यानं नीट ऐकून घेतलं आणि म्हणाला, "मंग हेच ह्याच्यात का न्हाई लिवलं, मॅडम?"

माझ्याकडं उत्तर होतं. आम्ही तपासलं तेवढंच लिहितो, अर्थ लावणं डॉक्टरांचं आणि कोर्टाचं काम. मी ते दिलंसुद्धा. त्यावर तो म्हणाला, "किती दिलं त्यांनी?" आवाज न चढवता.

मला राग आला. आजही आठवलं की येतो. मी वळले, तेवढ्यात त्यानं पिशवीतून दुसरी पिशवी काढली, गच्च गाठ मारलेली. आत साडी. त्या दिवशी मुलीच्या अंगावर होती ती. तिच्यावर ओकली होती. आईनं दवाखान्यातून तशीच घरी आणून, न धुता, सात-आठ महिने ठेवली होती. पोलिसांनी मागितली नाही, यांनी दिली नाही. "हिच्यावर आसंल की," तो म्हणाला आणि गाठ सोडायला लागला.

वास आला का, हे मी छातीठोक सांगू शकत नाही. ओळखीचा वास हवा असला की तो येतोच. मी त्याला गाठ पुन्हा मारायला लावली आणि सांगितलं, ही मला घेता येत नाही. पोलीस ठाण्यात जा, पंचनामा करून, सील करून, मुद्देमाल म्हणून पाठवायला सांगा, मग मी स्वतः बघते. तो हो म्हणाला. साडी आमच्या आवक रजिस्टरला कधीच चढली नाही. पुढं काय झालं ते मला माहीत नाही. आमचा रिपोर्ट तेव्हाच्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम २९३ खाली आम्हाला न बोलावताही पुराव्यात वाचता येत असे. समन्स आलं असतं तर मी साक्षीत उपचाराचं बोलले असते, असं मी मनाशी ठरवून ठेवलं होतं. समन्स आलं नाही.

लॅबमधल्या माझ्या एका सहकाऱ्यांनी तेव्हाच म्हटलं होतं, घ्यायची होतीस, एक टीएलसी (पातळ थरावर पदार्थ वेगळे करून ओळखायची साधी चाचणी) मारून बघितली असती, निदान कळलं तरी असतं. कुणाला कळलं असतं? मला. आणि साडीवरचा डाग मी वापरून टाकला असता, कोर्टात त्याला दमडीची किंमत नाही. घरी आठ महिने पडलेली, कुणाच्या हातून कुठून कुठं गेलेली वस्तू. बचावाच्या वकिलानं पाच मिनिटांत उडवली असती, आणि बरोबर केलं असतं. उद्या कुणीही उठून घरची बाटली शिंपडलेलं कापड आणून देईल. हे मला चाळिशीत कळत होतं, आजही कळतं. चाळिशीतली मी इतकी शांत कशी होती, हे मात्र कळत नाही.

रिपोर्टात ती एक ओळ असावी का, यावर त्या सहकाऱ्यांचं-माझं अजून फोनवर वाजतं. 'रुग्ण सहा दिवस उपचाराखाली होता, त्यामुळे विष न आढळणे म्हणजे ते दिले गेले नव्हते असे नव्हे.' माझा एक मसुदा तशा ओळीचा होता, वरिष्ठांनी लाल शाईनं काढला. मी त्यांना डॉ. अनंत लागूंच्या खटल्याचा दाखला देते. नोव्हेंबर १९५६. पुण्याहून मुंबईला रात्रीच्या गाडीनं निघालेल्या लक्ष्मीबाई कर्वे दुसऱ्या दिवशी मुंबईत जी.टी. हॉस्पिटलमध्ये गेल्या. डॉ. लागू त्यांच्यासोबत होते, हॉस्पिटलात त्यांनी बाईंचं नाव भलतंच लिहायला लावलं. शवविच्छेदन व्हायला दहाएक दिवस गेले आणि रासायनिक विश्लेषकाला विष सापडलंच नाही. तरी सर्वोच्च न्यायालयानं डिसेंबर १९५९ मध्ये लागूंची फाशी कायम केली: खोटं नाव, नंतरची बनावट पत्रं, लाटलेली मालमत्ता, सगळं एकत्र बघून. म्हणजे विष न सापडल्यानं खटला संपत नाही.

ते लगेच म्हणतात, त्या निकालात एक न्यायमूर्ती विरोधात होते, ते का गाळतेस? आणि १९८४ चा सारडा खटला काढतात, बायकोला विष दिल्याच्या आरोपाचा. तोही पुण्याचाच. विषानं खून म्हणायचं तर हेतू हवा, मृत्यू विषानंच झाला हे दिसायला हवं, विष आरोपीच्या ताब्यात होतं आणि ते द्यायची संधी त्याला होती, हेही. सारडा सुटले. "तुझ्या एका ओळीवर उद्या निर्दोष माणूस आत गेला तर?" हा प्रश्न मी उडवून लावू शकत नाही. सासरचे खोटंच बोलत होते, हे मला कुठं माहीत होतं? फवारणीतही माणसं मरतात.

आता नवा कायदा आला आहे, भारतीय नागरिक सुरक्षा संहिता. १ जुलै २०२४ पासून, सात वर्षं किंवा जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांत फॉरेन्सिकचे लोक घटनास्थळी गेले पाहिजेत. राज्यांना तयारीसाठी पाच वर्षांपर्यंत मुदत आहे. चांगलंच आहे. पण विषाच्या प्रकरणात गुन्हा नोंदवायचा की अकस्मात मृत्यू, हेच ठरायला दिवस जातात, तोवर घर शेणानं सारवून झालेलं असतं आणि पेला घासून फळीवर. फॉरेन्सिकची गाडी जाऊन काय उचलणार? दवाखान्यातलं पहिलं पाणी आणि अंगावरचे कपडे पहिल्याच रात्री सीलबंद झाले, तर आमच्याकडं निम्मे प्रश्न येणारच नाहीत. त्याला गाडीही लागत नाही, एक झाकणाची बाटली आणि एक खाकी पाकीट लागतं.

तर, मॅनेज होतं का? त्या केसमध्ये नाही, एवढं माझ्या सहीवर सांगते. बाकी ती ओळ. परवा पुन्हा फोनवर ते म्हणाले, "उपचार तुझ्यासमोर झाले होते का? मग तू कशाच्या आधारावर लिहिणार?" मी म्हटलं, दवाखान्याचे कागद फाइलीत होते, मग ते आम्हाला पाठवलेच कशाला? "कुठल्या चाचण्या लावायच्या ते ठरवायला." हे खरंच आहे. तरी मला पटत नाही.